पाइप कागदावर तुकड्यांनी येतो, जमिनीत मात्र एकच असतो

(कार्यकर्ता शिबिरात युवा गटाच्या वतीने केलेल्या भाषणाचा मजकूर. ज्यांना शिबिराला येता आलं नाही त्यांच्यासाठी इथे देत आहोत. पाड्यावरच्या बैठकीत वाचून दाखवावा.)



आम्हाला आज अमेरिकेतल्या आदिवासींच्या पाइपलाइनविरोधी लढ्यावर बोलायला सांगितलं आहे. तुम्ही म्हणाल, आपले वनदावे अजून कचेरीत पडून आहेत, मोजणीवाले शिवारात फिरताहेत, आणि ही पोरं कुठे अमेरिकेला निघाली? पण युवा गटाने महिनाभर बसून या लढ्याची माहिती वाचून काढली, एकमेकांना समजावून सांगितली. वाचताना पुन्हा पुन्हा वाटलं, नावं तेवढी वेगळी आहेत, बाकी कागद आपल्याच कचेरीतला आहे. म्हणून हे सांगायचं. शेवटी आपल्याला काय करायचं तेही सांगू. आधी तिथलं ऐका.

अमेरिकेत मिसुरी नावाची मोठी नदी आहे. उत्तर डाकोटा आणि दक्षिण डाकोटा अशा दोन राज्यांच्या हद्दीवर, या नदीच्या काठी स्टँडिंग रॉक नावाचा आदिवासींचा राखीव मुलूख आहे. तिथे लाकोटा आणि डाकोटा लोक राहतात. पूर्वी त्यांचा मुलूख याच्या कितीतरी पट मोठा होता. १८५१ आणि १८६८ साली अमेरिकेच्या सरकारने फोर्ट लारामी या ठिकाणी त्यांच्याशी करार केले, की ही जमीन तुमची. १८७४ साली त्यांच्या काळ्या डोंगरात सोनं सापडलं. १८७७ साली सरकारने कायदा करून ते डोंगर काढून घेतले. लोक कोर्टात भांडत राहिले. १९८० साली तिथल्या सुप्रीम कोर्टाने मान्य केलं की जमीन बेकायदा घेतली, आणि दहा कोटी डॉलरच्या वर भरपाई देऊ केली. लोकांनी ती घेतली नाही. आजपर्यंत घेतलेली नाही. ते म्हणतात, आम्ही डोंगर विकलेच नव्हते तर पैसे कसले घ्यायचे? आणि हे लोक काही श्रीमंत नाहीत. अमेरिकेतल्या गरिबातल्या गरीब भागांत त्यांची गणना होते. आपल्याकडे भरपाईच्या चेकवरून भावाभावांत भांडणं लागतात, तेव्हा ही गोष्ट आठवावी.

पुढे त्याच मिसुरी नदीवर सरकारने ओआहे नावाचं धरण बांधलं. स्टँडिंग रॉकची ५५ हजार एकरांहून जास्त जमीन पाण्याखाली गेली. नदीकाठची गाळाची जमीन, झाडोरा, रानफळं, औषधी मुळ्या, सगळं गेलं. घरं उठवून वर माळावर नेली. धरणाचं पाणी म्हणजे काय हे आपल्याला सांगायला नको. भातसा, तानसा, वैतरणा आपल्याच डोंगरातून वाहतात, पाणी मुंबईला जातं, आणि उन्हाळ्यात आपल्या बायका हंडे घेऊन टँकरची वाट बघतात.

तर अशा, आधीच दोनदा लुटलेल्या मुलखाच्या उशाला पाइपलाइन आली. नाव डाकोटा ॲक्सेस. कंपनी एनर्जी ट्रान्सफर पार्टनर्स. उत्तर डाकोटातलं तेल चार राज्यांतून इलिनॉयपर्यंत न्यायचं. लांबी सुमारे १,८८६ किलोमीटर, पाइप अडीच फूट रुंद, आणि सुरुवातीला रोज ४ लाख ७० हजार बॅरल तेल नेण्याची तयारी. हा पाइप स्टँडिंग रॉकच्या हद्दीच्या जेमतेम अर्धा मैल वर, ओआहेच्या जलाशयाखालून न्यायचा ठरला. त्याच पाण्यावर खालची सगळी वस्ती जगते.

आता नीट ऐका. आधी एक दुसरा रस्ताही तपासला होता. तो बिस्मार्क शहराच्या वरून जात होता. बिस्मार्क ही उत्तर डाकोटाची राजधानी, बहुतेक वस्ती गोऱ्यांची. तो रस्ता सोडून दिला. कारणं बरीच दिली: लांबी वाढते, रस्ते जास्त ओलांडावे लागतात, घरं जवळ येतात. त्यात एक कारण असंही होतं की शहराच्या पिण्याच्या पाण्याच्या विहिरी जवळ आहेत. शहराच्या विहिरींना धोका असतो हे कागदावर मान्य. मग तोच पाइप आदिवासींच्या पाण्याजवळ आला की धोका कुठे जातो? स्टँडिंग रॉकच्या लोकांनी एवढंच विचारलं. याचं सरळ उत्तर त्यांना कधी मिळालं नाही.

कंपनी म्हणायची, आमचा पाइप नदीच्या तळाखाली नव्वद फुटांहून खोल आहे, गळती झाली तर यंत्र लगेच सांगेल. पुढे कोर्टात हे उघडं पडलं, की वाहत्या तेलाच्या एक टक्का किंवा त्याहून कमी गळती असेल तर ती हेरण्यासाठी हे यंत्र बनवलेलंच नाही. एक टक्का ऐकायला थोडं वाटतं. आम्ही हिशेब करून बघितला. ४ लाख ७० हजार बॅरलचा एक टक्का म्हणजे ४,७०० बॅरल. एका बॅरलात १५९ लिटर. म्हणजे दिवसाला साडेसात लाख लिटरच्या जवळपास. दहा हजार लिटरचे पंचाहत्तर टँकर. एवढं तेल रोज मातीत गेलं तरी यंत्र गप्प राहू शकतं. आणि पाइप फुटतात. डिसेंबर २०२२ मध्ये अमेरिकेतच कॅन्सस राज्यात कीस्टोन नावाची दुसरी पाइपलाइन फुटली, सुमारे १३ हजार बॅरल तेल बाहेर आलं आणि ओढ्यात गेलं. ती काही शंभर वर्षांची गंजकी पाइपलाइन नव्हती.

मग एवढ्या मोठ्या कामाला परवानगी मिळाली कशी? आजच्या बोलण्यातली मुख्य गोष्ट हीच आहे.

पाइपचा बहुतेक भाग खाजगी जमिनीतून जात होता. तिथे केंद्र सरकारची परवानगी लागत नव्हती. जिथे पाइप नदी-ओढा ओलांडतो तेवढ्याच ठिकाणी लष्कराच्या इंजिनीयर खात्याची परवानगी लागत होती. अशी ठिकाणं दोनशेच्या वर. खात्याकडे लहानसहान कामांसाठी एक तयार परवाना आहे. त्यात प्रत्येक ओढा वेगळा धरतात. एक ओढा, छोटं काम, परिणाम थोडा, मंजूर. दुसरा ओढा, छोटं काम, मंजूर. असे दोनशे तुकडे झाले. ओआहेच्या जलाशयासाठी एक वेगळी तपासणी केली, पण तीही थोडक्यात, आणि निकाल दिला की फार परिणाम होणार नाही. अख्ख्या पाइपलाइनचा विचार एका ठिकाणी बसून कुणीच केला नाही. जमिनीत पाइप सलग होता, कागदावर तो तुकड्यांचा होता.

आणि लोकांनी विरोध उशिरा केला असंही नाही. ३० सप्टेंबर २०१४ रोजी स्टँडिंग रॉकच्या निवडून आलेल्या परिषदेने कंपनीच्या माणसांना समोर बसवून सांगितलं, आमच्या कराराच्या मुलखात ही पाइपलाइन आम्हाला नको. या बैठकीचं रेकॉर्डिंग आहे. तरी जुलै २०१६ मध्ये परवानगी निघाली. कारण तिथल्या कायद्यात आदिवासींशी ‘सल्लामसलत’ करा एवढंच आहे, त्यांची ‘संमती’ घ्या असं नाही. पत्र पाठवलं, बैठक बोलावली, झाली सल्लामसलत. समोरचा काय म्हणाला ते वहीत लिहिलं आणि वही मिटली.

आपल्यात सोयरीक करायला जातात तेव्हा मुलीला विचारतात. ती नाही म्हणाली आणि तरी लग्न लावलं, तर त्याला कुणी विचारणं म्हणेल का? तशीच ही सल्लामसलत.

१ एप्रिल २०१६ पासून लोक नदीकाठी तळ देऊन बसले. लाडोना ब्रेव्ह बुल अलार्ड नावाच्या बाईने स्वतःची जागा दिली. ती त्या लोकांचा इतिहास लिहून ठेवणारी. तिचा मुलगा त्याच टेकडीवर पुरलेला होता. सुरुवातीला माणसं मोजकीच होती. मग तिथली तरुण पोरं पुढे आली. ती धावत निघाली, आळीपाळीने, थेट वॉशिंग्टनपर्यंत, दोन हजार मैल, म्हणजे तीन हजार किलोमीटरहून जास्त. सह्यांची निवेदनं घेऊन. त्या धावण्यामुळे देशाला कळलं की इथे काही चाललं आहे. मग तीनशेहून जास्त जमातींची माणसं आली. ज्यांची आपसात पिढ्यान्‌पिढ्या वैरं होती तेही झेंडे घेऊन आले. सगळ्यांसाठी चुली पेटल्या, पोरांसाठी शाळा निघाली. नियम कडक: हत्यार नाही, दारू नाही, नशा नाही. आणि त्यांनी स्वतःला आंदोलक म्हणवून घेतलं नाही. ते म्हणायचे, आम्ही पाण्याचे राखणदार. त्यांच्या भाषेत घोषणा होती ‘म्नी विचोनी’, पाणी म्हणजे जीवन.

२ सप्टेंबर २०१६ ला जमातीने कोर्टात कागद दाखल केला की पाइपच्या रस्त्यात अमुक अमुक ठिकाणी आमच्या पूर्वजांच्या कबरी आणि पूजेच्या जागा आहेत. दुसऱ्याच दिवशी, सुट्टीच्या शनिवारी, बुलडोझर नेमका त्याच जागी फिरवला. लोक आडवे गेले तर खाजगी सुरक्षावाल्यांनी कुत्री सोडली. माणसांना चावे घेतले. बरोबर त्याच तारखेला, ३ सप्टेंबर १८६३ रोजी, त्याच मुलखात व्हाइटस्टोन टेकडीजवळ सैन्याने त्यांच्या बायकापोरांची कत्तल केली होती. २० नोव्हेंबरच्या रात्री, पाणी गोठेल अशा थंडीत, पोलिसांनी जमावावर पाण्याचे फवारे मारले. शेकडो जखमी झाले. पाणी वाचवायला आलेल्यांवर पाण्याचाच मारा.

४ डिसेंबर २०१६ ला खात्याने जाहीर केलं की जलाशयाखालून जायची परवानगी तूर्त देत नाही, दुसरा रस्ता तपासा. तळावर लोक नाचले, रडले. जानेवारीत सरकार बदललं. २४ जानेवारी २०१७ ला नव्या अध्यक्षांनी, ट्रम्प यांनी, काम पुढे न्यायचा हुकूम काढला. फेब्रुवारीत परवानगी मिळाली, तळ उठवला, आणि १ जून २०१७ पासून तेल वाहू लागलं.

जमात कोर्टात भांडत राहिली. २५ मार्च २०२० ला न्यायाधीशांनी निकाल दिला की धोक्याचा पुरता अभ्यास न करता परवानगी दिली, आता संपूर्ण अभ्यास करा. ६ जुलैला तर पाइप रिकामा करा असा हुकूम दिला. वरच्या कोर्टाने तो हुकूम थांबवला. जानेवारी २०२१ मध्ये त्याच वरच्या कोर्टाने म्हटलं, परवानगी चुकीची होती, ती रद्द, पण पाइप बंद करायला लावत नाही. फेब्रुवारी २०२२ मध्ये कंपनीचं अपील सुप्रीम कोर्टाने ऐकायलाही नकार दिला. म्हणजे ‘लोक खरं बोलत होते’ हे कोर्टाने मानलं, तोवर तेल वाहून वर्षं झाली होती.

आमच्या गटात यावर वाद झाला. काही म्हणाले, ते हरले. काही म्हणाले, अख्ख्या जगाला त्यांनी पाणी म्हणजे काय ते शिकवलं, हरले कसे? आम्हाला दोन्ही खरं वाटतं. पण आपल्याला त्यातून उचलायचं ते हे, की पाइप एकदा पुरला की कोर्टातला न्याय त्याला बाहेर काढत नाही. जे करायचं ते कागद तुकड्यांत असताना, खड्डा खणायच्या आधी.

आता आपल्याकडे या.

आपल्या काही पाड्यांच्या शिवारात गेल्या काही महिन्यांत मोजणीवाले येऊन गेले. बांधावर खुंट्या मारल्या, झाडांवर रंगाच्या खुणा केल्या. विचारलं तर एक म्हणतो गॅसची लाइन, दुसरा म्हणतो तेलाची, तिसरा म्हणतो आम्हाला फक्त मोजायला सांगितलंय. एका पाड्याला दुसऱ्या पाड्याचं माहीत नाही. ज्याच्या बांधावर खुंटी, त्यालाच बाजूला घेऊन बोलतात. हे तुकडेच झाले की नाही?

आपल्याकडे तेल-गॅसच्या पाइपसाठी १९६२ चा कायदा आहे. पेट्रोलियम आणि खनिज पाइपलाइन कायदा. त्याने जमीन विकत घेत नाहीत, जमिनीच्या ‘वापराचा हक्क’ घेतात. सातबारा तुमच्याच नावावर राहतो. पण त्या पट्ट्यात घर बांधायचं नाही, विहीर खणायची नाही, तळं करायचं नाही, झाड लावायचं नाही. म्हणजे आंबा नाही, काजू नाही, विहीर नाही. भरपाई किती? पिकाचं आणि झाडांचं नुकसान वेगळं देतात, पण वापराच्या हक्काबद्दल जमिनीच्या बाजारभावाच्या फक्त १० टक्के. आपली पोरंबाळं त्या पट्ट्यात कायमची बांधली जातात.

या कायद्यात हरकत घ्यायला २१ दिवस आहेत. सूचना सरकारी राजपत्रात येते, गट नंबरांच्या यादीने. तुमच्या गावाचे चार गट एका पानावर, शेजारच्या गावाचे दुसऱ्या पानावर. अख्खा पाइप कुठून कुठे जातो, कोणते ओढे ओलांडतो, ते त्या यादीवरून समजत नाही. आणि ज्यांचा वनदावा अजून मंजूर झाला नाही, जे बापजाद्यांपासून दळी कसतात, त्यांचं नाव यादीत कुठून येणार? त्यांच्या दारावर कुणी नोटीस आणणार नाही.

ग्रामसभेचं काय? १९९६ च्या पेसा कायद्यात अनुसूचित क्षेत्रात जमीन घेण्याआधी ग्रामसभेशी ‘सल्लामसलत’ करा असं लिहिलं आहे. तोच शब्द, जो स्टँडिंग रॉकच्या कायद्यात आहे. वनजमिनीबाबत २००९ च्या परिपत्रकाने ग्रामसभेची संमती लागते असं केंद्राने मान्य केलं होतं. पण ५ फेब्रुवारी २०१३ ला पर्यावरण मंत्रालयाने पत्र काढलं, की रस्ते, कालवे, पाइपलाइन, विजेच्या तारा असे लांबट प्रकल्प असतील तर ग्रामसभेच्या संमतीची अट नाही. त्याच वर्षी ओरिसात नियमगिरीच्या डोंगरावर सुप्रीम कोर्टाने ग्रामसभांना विचारायला लावलं आणि बाराच्या बारा ग्रामसभांनी खाणीला नाही म्हटलं. खाण एका डोंगरावर असते म्हणून गावाला विचारायचं, पाइप शंभर गावांतून जातो म्हणून एकालाही विचारायचं नाही, असा हा हिशेब आहे.

पण त्याच पत्रात एक फट आहे. जिथे आदिम जमातींच्या हक्कांना बाधा येते तिथे ही सूट लागू नाही. आणि महाराष्ट्रात आदिम जमाती तीन: कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड. म्हणजे ज्या कातकरी भावांना आपल्यातलेच लोक सभेत मागे बसवतात, ज्यांच्या वाडीला रस्ता नाही, त्यांच्या हक्काच्या जोरावर अख्ख्या शिवाराला संमतीचा हक्क मागता येतो. वारली, कोकणा, ठाकूर, महादेव कोळी, सगळ्यांनी हे ऐकून ठेवा. कातकरी वाडीचे वनहक्काचे दावे भरले नसतील तर ते आधी भरा. ते त्यांच्यावर उपकार नाहीत. त्यांचे ते हक्क आहेत, आणि त्यात आपलंही पाणी आहे.

तर करायचं काय? युवा गटाने ठरवलेली कामं सांगतो.

१. प्रत्येक पाड्याने खुंट्या आणि खुणा कुठे आहेत ते गट नंबरासह लिहून आणायचं. पुढच्या बैठकीत सगळ्या पाड्यांचा एकच नकाशा काढू. पाइप सलग दिसला पाहिजे.

२. नकाशावर प्रत्येक ओढा, झरा, विहीर, डोह, नळयोजना दाखवायची. हे बायकांनी सांगायचं. कोणता झरा मे महिन्यात टिकतो ते त्यांच्याइतकं कुणाला माहीत नाही.

३. ग्रामसभेचा ठराव करायचा. वनहक्क कायद्याच्या कलम ५ प्रमाणे पाण्याचे स्रोत जपायचा अधिकार ग्रामसभेला आहे, आणि कलम ४(५) प्रमाणे दाव्यांची तपासणी पुरी होईपर्यंत कसणाऱ्याला जमिनीवरून काढता येत नाही. दोन्ही ठरावात लिहायचं. ठरावाची प्रत देऊन पोच घ्यायची. पोच नाही तर ठराव दिलाच नाही असं समजा.

४. राजपत्रातली सूचना आली की २१ दिवसांत प्रत्येकाने लेखी हरकत द्यायची, दावा मंजूर नसलेल्यांनीसुद्धा. सक्षम प्राधिकाऱ्यापुढे तोंडी म्हणणं मांडायचा हक्क आहे, तो मागायचाच. राहत्या घराखालून, घराला लागून असलेल्या जागेतून आणि एक मीटरपेक्षा कमी खोलीवर पाइप टाकता येत नाही, हेही लक्षात ठेवा.

५. एकट्याने कुठल्याही कागदावर सही किंवा अंगठा द्यायचा नाही. कुणी बाजूला बोलावलं तर सांगायचं, ‘दादा, सभेत या.’

६. मोजणीवाल्यांशी भांडण, शिवीगाळ नको. ती पण मजुरीची माणसं आहेत. आणि सभेला कुणी पिऊन यायचं नाही. स्टँडिंग रॉकच्या तळावर हा नियम होता, आपल्या संघटनेतही तो जुनाच आहे.

काही लोक म्हणतील, तुम्ही विकासाच्या आड येता. आम्ही त्यांना एवढंच विचारू की गॅस कुणाच्या चुलीला जाणार, आणि गळला तर कुणाच्या झऱ्यात. याचं उत्तर सगळ्या गावांसमोर, एकाच सभेत, लेखी द्या. मग ग्रामसभा काय ते ठरवेल. हो म्हणायचा हक्क ज्याला आहे त्याला नाही म्हणायचाही हक्क पाहिजे.

नकाशाची बैठक पुढच्या पौर्णिमेच्या आत घ्यायची आहे. पावसाळा लागला की पोहोचणं अवघड होईल, आणि त्यांची यंत्रं पावसाळा संपायची वाट बघतील. प्रत्येक पाड्यातून दोन बाया, दोन गडी आणि सातबारा वाचता येणारं एक पोरगं किंवा पोरगी, असे पाच जण आलेच पाहिजेत. कातकरी वाडीतून कोण येणार ते आजच, इथून उठायच्या आधी, नाव लिहून द्या.

जल, जंगल, जमीन आमची आहे! संघटनेचा विजय असो!

जोहार!